सुल्मा सरकारी होती का?

स्वयंपाकघरातल्या टेबलावर, पावाच्या पिशवीला टेकून आईची पेटी ठेवलेली दिसली आणि नोएमी दारातच थांबली.

"बाबा, हे काय?"

"तुझी आई," ओनोरियो म्हणाला. "दफनभूमीवाल्यांनी आज ताब्यात दिली."

"ताब्यात दिली म्हणजे?"

"भाड्याच्या कप्प्याची मुदत संपली. अस्थी काढल्या, पेटीत भरल्या आणि सही घेऊन हातात दिल्या. माणसं चांगली होती. पेटी पुसूनसुद्धा दिली."

नोएमी हळूच आत आली. मुदत संपली की अस्थी लहान पेटीत काढून घ्यायच्या, ही गावातली नेहमीचीच रीत. पण लोक तोवर पुढची जागा पाहून ठेवत. पेटी एका भिंतीतून निघायची आणि दुसऱ्या भिंतीत जायची. मध्ये स्वयंपाकघर लागत नसे.

"मुदत वाढवून का नाही घेतली?"

"कशाला? ती काय तिथं कायमची राहणार होती? ती माझ्याबरोबर सरकारी नोकरांच्या समाधीघरात जाणार. आज दुपारी नेऊन ठेवतो. तोवर असू दे की. तिचंच घर आहे." मग त्याने टेबलावरची लसणाची जुडी उचलून लांब, खिडकीत नेऊन ठेवली आणि परत येऊन बसला.

ओनोरियो टपाल खात्यातून निवृत्त झालेला. उरुग्वे नदीकाठच्या त्या गावात त्याने जन्मभर पत्रांवर शिक्के मारले आणि त्यातला प्रत्येक शिक्का सरकारच्या वतीने मारला. त्याची बायको सुल्मा पाणी मंडळात होती. तिचं काम पाणी चाखण्याचं. रोज सकाळी उपाशीपोटी ती प्रयोगशाळेत जायची आणि ओळीने मांडलेल्या पेल्यांतून एकेक घोट घेऊन नदी आज कशी आहे ते सांगायची. यंत्रंही होती, पण चिखलाची चव यंत्राला कळत नाही असं मंडळाचं मत होतं.

पाणी मंडळ सरकारचं. पण मंडळ म्हणजे सरकार नव्हे. या एका वाक्यावर त्या घरातली कित्येक जेवणं पार पडली. दरवर्षी राज्यसेवक दिनाला सरकारी कचेऱ्या बंद असत. त्या सकाळी ओनोरियो पायजम्यावरच दारात खुर्ची टाकून बसे. एका हातात येर्बाच्या कडू चहाची कोरडी पत्ती भरलेला पेला, काखेत गरम पाण्याचा थर्मास.

"जा बाई, जा," कामावर निघालेल्या सुल्माला तो म्हणे. "आज सरकार बंद आहे. नळ मात्र चालू."

"सरकार बंद आहे हे कुणाच्या लक्षात तरी येतं का?" सुल्मा म्हणे आणि चालू लागे.

ती कोपऱ्यावरून वळेपर्यंत तो थर्मास उघडत नसे. येर्बाच्या वासाने तिची जीभ बिघडते हे त्याला लग्नाच्या पहिल्याच आठवड्यात कळलं होतं. दातही तो ती गेल्यावरच घासायचा. याबद्दल दोघांत कधी एक शब्द झाला नव्हता. सुल्मा जाऊन आता बरीच वर्षं झाली, तरी ओनोरियो अजून दात उशिराच घासत होता.

दुपारी त्याने टपाल खात्याची जुनी टोपी चढवली आणि पेटी पावाच्या पिशवीत घातली.

"बाबा, पावाच्या पिशवीत?"

"मग काय, सुटकेस घेऊ? सुटकेस बघितली तर तिला वाटेल सहलीला नेतोय. नंतर बोलणी मला खावी लागतील."

राज्यसेवक संघाच्या कचेरीत सचिव बेंतांकुर एकटाच बसला होता. पिशवीतून पेटी बाहेर आली तसा तो उठून उभा राहिला. सुल्माला तो ओळखत होता. गावाचं पाणी गढूळ झालं की लोक मंडळात तक्रार करत नसत, रस्त्यात सुल्माला गाठत.

"समाधीघराची किल्ली द्या," ओनोरियो म्हणाला. "बायकोला ठेवून येतो."

"हक्क तुमचा आहेच, ओनोरियोभाऊ. सुल्माताईंची नोंद तुमच्या नावाखाली आहे, अवलंबित म्हणून. फक्त एक आहे. अवलंबितांना मूळ सभासदाबरोबर आत जाता येतं, किंवा त्याच्यानंतर. आधी नाही."

"मग मी आहे ना. हा काय उभा आहे."

"तेच. तुम्ही उभे आहात."

नोएमीने खिडकीबाहेर पाहिलं.

"म्हणजे मी मरायला हवं?"

"तसं नाही हो," बेंतांकुर घाईने म्हणाला. "संघाला काहीच घाई नाही."

"मग तोवर हिनं राहायचं कुठं?"

बेंतांकुर मनाने वाईट नव्हता. त्याला खरोखरच वाट काढायची होती आणि तिथेच सगळं बिघडलं. "त्या स्वतः सरकारी नोकर असत्या," तो म्हणाला, "तर स्वतःच्या हक्कानं आजच आत गेल्या असत्या. पण काय करणार, त्या मंडळात होत्या. आणि मंडळ म्हणजे सरकार नव्हे."

ओनोरियोने सवयीने मान डोलावली. मग ती मध्येच थांबवली.

"कोण म्हणतं?" तो म्हणाला. "मंडळ म्हणजे सरकारच!"

नोएमी वळून बापाकडे बघतच राहिली.

"मतदानाच्या दिवशी केंद्रावर कुणाला बसवतात?" ओनोरियोचा आवाज चढला. "सरकारी नोकरांना. ही दर निवडणुकीला बसली. तापात बसली एकदा."

"ते निवडणुकीपुरतं सरकारी."

"त्या वाईट वर्षी सरकारी पगार कापले. हिचा कापला की नाही?"

"कापण्यापुरतं तेही खरं."

"आणि देताना?"

"देताना मंडळ स्वायत्त."

"म्हणजे उभं राहून राबायचं तेव्हा सरकारी, आणि आडवं पडायचं तेव्हा नाही?"

बेंतांकुरला हे वाक्य मनातून पटलं, पण सचिवाला एकट्याने काही पटून चालत नाही. "रविवारी सर्वसाधारण सभा आहे," तो म्हणाला. "तिथं मांडा. माझं मत मी तुम्हालाच देईन."

पेटी परत घरी आली. ओनोरियोने ती सुल्माच्या खिडकीजवळच्या खुर्चीत ठेवली. आठवडाभर शेजारपाजारच्या बायका काही ना काही निमित्ताने येऊन गेल्या. कुणी खुर्चीकडे पाहून छातीवर क्रूस काढी, तर एकीने जाताना पेटीलाच "येते हं सुल्मा" म्हटलं. औषधांच्या दुकानातून नोएमी रोज जेवायच्या वेळी यायची, पण तिला टेबलाशी बसता येईना. ती ओट्याला टेकून, उभ्यानेच जेवायची.

"बाबा, तात्पुरता कप्पा घेऊ या. मी बोलते दफनभूमीत."

"भाड्यातून पुन्हा भाड्यात?" ओनोरियोने मान हलवली. "नाही. जन्मभर तिला चिडवलं, तू मंडळाची, तू मंडळाची. पण हेही म्हणायचो, की घाबरू नकोस, शेवटी माझ्याबरोबर संगमरवरात झोपशील. शब्द दिलाय, पोरी. आणि असा शब्द परत घ्यायला ती समोर असावी लागते."

शनिवारी ती दुकानातून आली तेव्हा आतून भाषणाचा आवाज येत होता. ओनोरियो खुर्चीसमोर उभा राहून सराव करत होता. "सभासद बंधूंनो, पाणी म्हणजे काय? पाणी म्हणजे राष्ट्र." मग जरा थांबून, खालच्या आवाजात, "हसू नकोस, सुल्मा. अजून जमायचंय."

रविवारी संघाचं सभागृह भरलं होतं. बाहेर पाऊस होता, म्हणून गावच्या रीतीप्रमाणे आत तळलेल्या गोड पुऱ्या होत्या, आणि त्या होत्या म्हणून माणसं होती. ओनोरियोने टोपी काढून बगलेत धरली आणि बोलायला सुरुवात केली. पाणी म्हणजे राष्ट्र, इथपर्यंत चांगलं गेलं. मतदान केंद्रावर टाळ्या पडल्या. पगारकपातीवर तर एका म्हातारीने रुमाल काढला. मत घेतलं असतं तर सुल्मा त्याच क्षणी सरकारी झाली असती.

पण बेंतांकुर सचिव होता आणि त्याने सभेला नियमाचा अर्थ समजावून सांगणं भाग होतं. तो चष्मा लावून उभा राहिला.

"मित्रहो, मला स्वतःला वाईट वाटतं. पण खूण सोपी आहे. ज्याच्यावर थेट मंत्री, ते सरकार. ज्याच्यावर संचालक बसवलेत, ते सरकार नव्हे. पाणी मंडळावर संचालक आहेत."

"संचालकांचं काय घेऊन बसलात!" ओनोरियो जागेवरून ओरडला. तो आता रंगात आला होता. "संचालक काय, टपालावरसुद्धा आहेत! म्हणून मी काय सरकारी नाही?"

कुणाच्या तरी तोंडातली पुरी चावायची राहिली.

बेंतांकुरने चष्मा काढला. "टपालावर संचालक आहेत?"

"मग! त्या पिवळ्या गाड्या आल्या तेव्हापासून आहेत." ओनोरियो अजून जोरातच होता. "पाटी बदलली, गाड्यांचा रंग बदलला. खात्याच्या जागी महामंडळ लिहिलं. लिहीनात का. काम तेच, शिक्का तोच, मी तोच..."

शेवटचे शब्द म्हणताना त्याचा आवाज आपोआप उतरला. पुढच्या रांगेतले टपालातले इतर निवृत्त त्याच्याकडे बघत होते. ते सगळं त्यांना केव्हापासून ठाऊक होतं, आणि ते बोलायचं नसतं हेही.

"बस खाली, ओनोरियो," मागून कुणीतरी दबक्या आवाजात म्हणालं. "बस, नाहीतर सगळ्यांना उठवशील."

पण आता उशीर झाला होता. प्रश्न सभेपुढे आला होता आणि सभेला त्याचं उत्तर देणं आलं. गाड्या पिवळ्या झाल्यानंतर निवृत्त झालेले टपालवाले सरकारी की मंडळाचे? आणि मंडळाचे, तर समाधीघरात आधीच झोपलेत त्यांचं काय? निम्म्या समाधीघरात टपालवाले होते. त्यांना उठवायचं म्हटलं तर त्यांना न्यायला पिवळी गाडीच मागवावी लागली असती. पुऱ्या संपेपर्यंत वाद चालला. अखेर ठराव झाला की जे आत आहेत त्यांना त्रास देऊ नये. जे बाहेर आहेत त्यांची नावं कमी करावीत.

"म्हणजे मेलेले राहतील आणि जिवंत जातील," ओनोरियो म्हणाला.

"असंच दिसतं," बेंतांकुर म्हणाला. त्याला वर बघवेना. "माफ करा, ओनोरियोभाऊ. वेळेवर मेला असतात तर काही करता आलं असतं."

घरी येताना बापलेक एकाच छत्रीतून चालले. ओनोरियोने टोपी घातलीच नाही. टपालातले त्याचे जुने सोबती समोरच्या फुटपाथवरून गेले. त्यांनी हाक मारली नाही. घरात शिरल्यावर ओनोरियो सुल्माच्या खुर्चीसमोर उभा राहिला.

"सुल्मा," तो म्हणाला, "मीसुद्धा मंडळाचाच निघालो गं." मग टोपी त्याने पेटीशेजारी ठेवली आणि आत जाऊन दार लोटून घेतलं.

नोएमीला काय करावं सुचेना. तिने ओट्यावरचा पेला घेतला, नळाचं पाणी भरलं आणि तो तसाच हातात धरून बसली. त्याच वेळी दारावर टकटक झाली. बाहेर नेल्बा होती. आईच्या प्रयोगशाळेतली नेल्बा, पावसाने ओली, हातात खारीचा पुडा.

"सभेचं ऐकलं," ती आत येत म्हणाली. "म्हणजे हरला का तो? पूर्ण हरला?"

नोएमीच्या कपाळावर आठी पडली. "नेल्बामावशी, ही काय विचारायची पद्धत झाली?"

"विचारायला लागतं, बाळ. तुझ्या आईनं मला बजावलं होतं. तो स्वतःच्या तोंडानं कबूल करेपर्यंत काही बोलायचं नाही म्हणून."

आतलं दार उघडलं. "काय कबूल करेपर्यंत?"

"की तुम्हीही आमच्यातलेच," नेल्बा म्हणाली आणि खुर्ची ओढून बसली. "ओनोरियोभाऊ, तुमचं टपाल महामंडळ झालं ना, त्या दिवशी सुल्मा कामावर येताना केक घेऊन आली. अख्ख्या प्रयोगशाळेला खाऊ घातला. म्हणाली, आजपासून माझा नवराही मंडळाचा. पण खबरदार, कुणी त्याला सांगाल तर."

ओनोरियो दारातून बाहेर आला. "तिला माहीत होतं?"

"माहीत? पोस्टमास्तरांना जाऊन भेटली ती. त्यांनी सांगितलं, आता राज्यसेवक दिनाची सुट्टी तुम्हाला लागू नाही. तर म्हणाली, त्या दिवशी त्याला घरी राहू द्या आणि त्याच्या हक्काच्या रजेतून कापा. गुपचूप."

ओनोरियो सावकाश खाली बसला. "म्हणून माझी रजा दर वर्षी एका दिवसानं कमी भरायची! मला वाटायचं, मोजताना मीच चुकतो."

"पण का?" नोएमी म्हणाली. "बाबा तर चिडवतच राहिले तिला. एकदा सांगून टाकलं असतं तर त्यांचं तोंड कायमचं बंद झालं असतं."

"मीही हेच विचारलं होतं," नेल्बा म्हणाली. "तर हसली. म्हणाली, त्या सकाळी तो दारात बसतो ना पायजम्यावर, तेव्हा अख्ख्या देशाचा मालक असल्यासारखा दिसतो. वर्षातून एक दिवस. तेवढं मला जाताना बघायचं असतं."

नोएमीने हातातलं पाणी पिऊन टाकलं.

"बरं, आता हिला किती दिवस खुर्चीत बसवणार?" नेल्बाने पेटीकडे हनुवटी केली. "आमची जागा आहे की. पाणी मंडळवाल्यांची. दफनभूमीच्या मागच्या भिंतीला, टाकीजवळ. सुल्मानं केव्हाच नाव लावलंय. दोघांचं."

"दोघांचं?"

"मग? तुम्हाला रस्त्यावर ठेवेल का ती?"

ओनोरियोने घसा साफ केला. "माझं नाव काय म्हणून लावलंय?"

नेल्बाने खारीचा एक तुकडा तोडला. तिला घाई नव्हती. "अवलंबित," ती म्हणाली.

ओनोरियोने विचार केला. मग मान डोलावली, आणि या वेळी ती मध्येच थांबवली नाही. "बरोबर आहे," तो म्हणाला. "पण एक सांगा. तुमच्यात अवलंबित जिवंत असला तर चालतो ना?"

"चालतो. सभासद आधी. अवलंबितानं सवडीनं यायचं."

पाणी मंडळवाल्यांची जागा साधी होती. संगमरवर नव्हता, पितळी कुलूप नव्हतं. चुन्याची भिंत, तिच्यात कप्पे आणि शेजारी एक नळ. त्या अख्ख्या दफनभूमीत सतत पाणी असलेला तेवढाच एक नळ, त्यामुळे फुलदाण्या भरायला सगळं गाव तिथेच यायचं. पेटी आत सरकवली तेव्हाही दोन बायका बादली घेऊन उभ्या होत्या. एक म्हणाली, "अगं बाई, सुल्मा का? बरं झालं, आता ओळखीचं कुणीतरी आलं." बेंतांकुरही आला होता, टोपी हातात घेऊन, जरा लांब. ओनोरियोने त्याला हाताने जवळ बोलावलं आणि टपालाची जुनी टोपी कप्प्यात पेटीच्या बाजूला ठेवायला त्याचीच मदत घेतली.

त्या रात्री नोएमी टेबलाशी बसून जेवली.

पुढच्या राज्यसेवक दिनाला सकाळी ती बापाकडे आली तेव्हा दारात खुर्ची नव्हती. तिला तो दफनभूमीत, मागच्या भिंतीपाशी सापडला. पायजमा, वर कोट, केस विस्कटलेले, काखेत थर्मास. तो कप्प्यासमोर उभा होता.

"बाबा, थंडी आहे. येर्बा तरी प्यायचा होता."

"श्श," ओनोरियो म्हणाला. मग कप्प्याकडे वळून म्हणाला, "चल, सुल्मा, येतो. आज सरकार बंद आहे. आपलं नाही."

त्याने नळ घट्ट बंद आहे ना ते पाहिलं आणि नोएमीचा हात धरून निघाला. कोपऱ्यावरून वळल्यावर थांबला, मागे कप्पा दिसत नाही याची खात्री केली आणि मग थर्मास उघडला.